भांगातलं कालवण

दिवसा आमच्या गावात पुरुष नसत. वेसाव्याला फिरायला येणाऱ्यांना इथला किनारा माहीत असतो, मासळी माहीत असते, नारळी पुनवेचा थाट माहीत असतो. ही गोष्ट मात्र इथे राहिल्याशिवाय कळत नाही. बोटी दर्यात गेल्या की मागे बायका, शाळेत न गेलेली पोरं, म्हातारे आणि दारुडे उरत. लग्नाला वर्ष व्हायच्या आत मी या उरलेल्यांत जमा झालो. म्हातारा नव्हतो, दारूला तर शिवत नव्हतो. मग मी नेमका कोण, हे ना गावाला ठरवता येईना, ना मला.

मी खलाशी होतो. म्युनिसिपालिटीच्या शाळेत दहावीपर्यंत रेटलं, पण मन बोटीत होतं. शाळा सुटली त्याच वर्षी बोटीवर गेलो आणि तांडेलाने, म्हणजे बोट चालवणाऱ्या म्होरक्याने, मला नाळेवर उभं केलं. नाळ म्हणजे बोटीचं पुढचं टोक. समुद्रात रोवलेल्या खुंटाचा दोर तिथून पकडायचा असतो. नजर चुकली तर सगळ्यांचा खोळंबा. ती जागा मला मिळाली याचा मला इतका माज होता की गावातून चालतानासुद्धा मी पुढेच चालायचो. बायको म्हणायची, "रस्ता काय पळून चाललाय का?"

तिची नि माझी ओळख सुक्या मासळीने करून दिली. मे महिन्यात आगोटीची, म्हणजे पावसाळ्याची बेगमी करायला लोक लांबलांबून आमच्याकडे येत. ती आईबरोबर नाहूरहून आली होती. माणसं मूळची मालवणकडची, वडील गिरणीत. आमच्या शेजारच्या म्हाताऱ्या बयकडे तिने बोंबील हातात घेतला, नाकाशी नेला आणि म्हणाली, "हे गेल्या वर्षीचे आहेत." बय तिच्यावर जी तुटून पडली! पण बोंबील खरंच गेल्या वर्षीचे होते. मी त्यांचं गाठोडं बसस्टॉपपर्यंत पोचवलं. वाटेत ती म्हणाली, "तुमच्या अंगाला वास येतो." मी चिडून विचारलं, "कसला?" तिने गाठोड्याकडे बोट दाखवलं. "मग?" तर म्हणाली, "मग काय, सवय आहे."

गिरण्या बंद पडल्या त्याच्या पुढच्या वर्षी आमचं लग्न झालं. तिच्या वडिलांनी तोंड फिरवलं. त्यांना जावई नोकरीवाला हवा होता, आणि कोळ्याच्या घरात पोरगी गेली हे त्यांच्या चाळीत सांगायची त्यांना लाज वाटे. माझे आईवडील आधीच गेलेले. घर दोन खोल्यांचं, दार दर्याकडे. चारचौघांत ती मला 'अहो' म्हणे आणि दार लावलं की 'तू'. आमच्या गावात मासळीच्या पाट्या घेऊन बाजाराला जाणाऱ्या बायका मोठ्या जोरकस, त्यांच्यात ही शिवणकाम जाणणारी, हळू बोलणारी पोरगी परकीच राहिली. अंधेरी पूर्वेला एक्स्पोर्टचे कपडे शिवणाऱ्या एका कंपनीत तिला काम लागलं. सकाळी डबा घेऊन ती बसस्टॉपकडे जायची आणि दिवेलागणीला यायची. आमच्या गावात दर्याकडे पाठ करून शिरता येतं आणि तसंच बाहेर पडता येतं. ती रोज तेच करत होती. तेव्हा त्याचं मला काही वाटलं नाही.

त्या वर्षीची दिवाळी झाली आणि पुढच्या उधाणाला माझा हात गेला. जाळ्याला पाण्याची ओढ होती, दोराचा फास मनगटाच्या खाली बसला आणि मधली तिन्ही बोटं गेली. अंगठा आणि करंगळी राहिली. चूक कुणाची नव्हती. मी बरीच वर्षं शोधली, सापडली नाही.

दवाखान्यातून घरी आलो तेव्हा तांडेल दारात उभा होता. मी शाळेतून सुटल्यापासून त्याच्या हाताखाली. तो म्हणाला, "हात बरा होऊं दे. नाल तुझीच हाय." आणि आमच्या बोटीची रीत त्याने पाळली. ती रीत अशी, की बोट बंदराला लागली की विक्रीचं म्हावरं टोपल्यांत पडायच्या आधी प्रत्येक खलाशाच्या घरचं कालवण बाजूला काढायचं. कुणी आजारी पडला, कुणाच्या घरी सुतक आलं, तो बोटीवर आला नाही, तरी त्याचं कालवण त्याच्या घरी पोचतं. चार बोंबील, मूठभर करंदी, मांदेली, जे जाळ्यात असेल ते. किती आलं याला महत्त्व नाही. कालवण घरी येतं तोवर तो माणूस त्या बोटीचा. यायचं थांबलं की समजायचं. कोणी तोंडाने सांगत नाही.

म्हणून मी दिवसभर कालवणाची वाट बघायचो. खोटं कशाला बोलू, दुसरं करायला काही नव्हतंच. तांडेलाच्या घरून कुणीतरी यायचं, दाराच्या कडीला पिशवी अडकवायचं, "कालवन आयलाय रे" म्हणून हाक मारायचं आणि जायचं. मी उठून पिशवीत डोकावायचो. बोंबील बघून मला कळायचं की आज बोट कुठल्या बाजूला होती, पाणी कसं होतं. मग संध्याकाळी मी बायकोला सगळं रंगवून सांगायचो, जसा काही मी तिथे होतो. ती मसाला वाटता वाटता हूं हूं करायची.

जेवताना मी डाव्या हाताने जेवायचो. उजव्या हातावर टॉवेल टाकायचो. पट्टी निघाली, जखम भरली, तरी टॉवेल राहिला. झोपताना हात पांघरुणात, बाहेर गेलो की खिशात. तिने एकदोनदा बघायला मागितला. मी असा काही खेकसलो की तिने पुन्हा विषय काढला नाही. माझा स्वभाव मुळातच तापट, त्यात बसून बसून तो नासला होता. घरात दोन माणसं, आणि त्यातला एक सदानकदा टॉवेलखाली.

दिवसा घर खायला उठे, म्हणून मी शेजारच्या बयच्या अंगणात जाऊन बसू लागलो. बय म्हणजे सख्खी नात्यातली नव्हे, गल्लीतली म्हातारी, पण माझी आई गेल्यावर तिनेच मला ओरडायचं काम अंगावर घेतलं होतं. वाळूत बांबूंची उंच मांडवी, तिला आडवे दोर, आणि त्यांवर बायका बोंबील वाळत घालत. बोंबील एकेकटा दोरावर राहत नाही. दोन बोंबील घ्यायचे, एकाचा जबडा दुसऱ्याच्या जबड्यात अडकवायचा आणि जोडी दोरावर टाकायची. एक इकडे लोंबतो, एक तिकडे. बायकांचे हात असे चालत की बघणाऱ्याला जबडा कधी उघडला ते दिसत नसे. एके दिवशी मीही बसलो. डाव्या हातात एक बोंबील धरला, दुसऱ्याचा जबडा अंगठा आणि करंगळीने उघडू गेलो. बोंबील हा मुळात बुळबुळीत जीव. तो माझ्या हातून सटकून वाळूत पडला. दुसरा घेतला, तोही पडला. बायका बोलायच्या थांबल्या. त्या हसल्या असत्या तर बरं झालं असतं.

बयने माझ्याकडे एक काठी सरकवली. "बस हतंच. कावलं हाक."

कावळे हाकणं हे आमच्यात शेंबड्या पोरांचं काम. नाहीतर ज्याला घरात दुसरं काही जमत नाही अशा थेरड्यांचं. मी काठी उचलली, मांडवीच्या पलीकडे भिरकावली आणि घरी आलो. त्यानंतर बरेच दिवस मी कुणाच्या अंगणात गेलो नाही. खिडकी लावून घेतली.

मग दिवसा दारावरची हाक येईनाशी झाली. पहिल्या दिवशी वाटलं, बोट उशिरा लागली असेल. दुसऱ्या दिवशी वाटलं, म्हावरं कमी मिळालं असेल. पण संध्याकाळी बायको घरी आली तेव्हा तिच्या हातात पिशवी होती. "तांडेलाच्या घरावरून आले," ती म्हणाली. "म्हणाले, आता तूच घेऊन जात जा, माणूस पाठवायला जमत नाही." मला केवढं हायसं वाटलं! पिशवीत करंदी होती. मी म्हटलं, "पाणी जोरात दिसतंय आज." ती म्हणाली, "असेल."

असं बरेच दिवस चाललं. मग एका संध्याकाळी तिने मांदेलीचं कालवण केलं. कोकम घालून, खोबरं लावून, तिच्या आईकडच्या पद्धतीचं. मला ते आवडे. मी भात कालवला, घास उचलला आणि तोंडाशी नेता नेता थांबलो.

दुपारभर बाहेर ठोकाठोकी चालू होती. बंद खिडकीतूनही मला ती ऐकू येत होती. बोटींच्या फळ्यांत कापूस ठासत होते, गल्लीत जाळी पसरून पुरुष सांधत बसले होते, मध्येच पत्त्यांच्या डावावरून आरडाओरडा होत होता. पुरुष गावात होते. तिथी अष्टमी होती. भांग होता.

आमचा सगळा धंदा पाण्याच्या ओढीवर. डोलीचं जाळं म्हणजे एक लांबच लांब पिशवी. ती खुंटाला बांधून समुद्रात सोडायची, पाणी जोरात वाहतं तेव्हा ती फुगते आणि म्हावरं आपसूक आत जातं. अमावास्या-पुनवेला उधाण, तेव्हा ओढ असते. अष्टमीच्या आसपास ती मरते, पाणी सुस्त होतं, जाळं टाकलं तर चिंधीसारखं लोंबकळत राहील. त्याला आम्ही भांग म्हणतो. भांगात आमची बोट जात नाही. माझ्या वाडवडिलांच्या बोटीही गेल्या नाहीत. म्हणजे माझ्या ताटातली मांदेली आमच्या बोटीची नव्हती.

आमच्या गावातली कुठलीही पोरगी ही चूक करणार नाही. झोपेतून उठवून विचारलं तरी ती आज भांग की उधाण ते सांगेल. पण ही नाहूरची. तिच्या माहेरी म्हावरं खायचं ते बुधवारी, शुक्रवारी, रविवारी. सोमवार, गुरुवार, शनिवार पाळायचे. तिथीचा संबंध फक्त चतुर्थीशी. त्या दिवशी बुधवार होता. ती कंपनीतून सुटली, अंधेरीच्या बाजारात गेली, मांदेली घेतली, बसने आली, दर्याकडे न बघता घरात शिरली. बोटी खाडीत बांधलेल्या आहेत हे तिने पाहिलंच नसणार.

ती माझ्याकडे बघत होती. "खारट झालं का?"

"नाही," मी म्हटलं. "मस्त झालंय."

आणि जेवलो. ताट पुसून जेवलो. तेव्हा मी काही का बोललो नाही, हे मी स्वतःला अनेकदा विचारलं आहे. तिची लबाडी पकडली म्हणून राग आला का? आला. पण त्याहून भीती मोठी होती. मी बोललो असतो तर बोट संपली असती. न बोललो तर पिशवी येत राहणार होती आणि पिशवी येते तोवर मी खलाशी होतो. खोटा का होईना. आणि तिला तरी काय सांगायचं? तिने हे माझ्यासाठी केलं होतं. ते मोडायचं तर तिच्या तोंडावर मोडावं लागलं असतं, आणि नंतर आम्ही दोघांनी एकमेकांकडे कसं बघायचं ते मला माहीत नव्हतं.

पंधरवड्याने पुन्हा भांग आला. पुन्हा पिशवी आली. "तांडेलाने दिलं," ती म्हणाली, आणि क्षणभर माझ्याकडे बघत उभी राहिली. मी म्हटलं, "ठेव." त्याच्या पुढच्या भांगातही आलं. मी कौतुक करत गेलो. कधी म्हणायचो, "तांडेलाला सांग, बोंबील ताजे होते." ती म्हणायची, "सांगते." एका खोलीत, एका दिव्याखाली, एका भांड्यातलं आम्ही जेवत होतो, आणि मला त्या दिवसांत जेवढं एकटं वाटलं तेवढं भर दर्यात धुक्यातही कधी वाटलं नव्हतं.

मे संपला, बोटी वर ओढल्या, शाकारल्या. पावसाळ्यात कुणाचीच बोट जात नाही, कुणाच्याच घरी कालवण येत नाही. गावातले सगळे पुरुष माझ्यासारखेच घरात. मला बरं वाटायला लागलं. आम्ही दोघं सुकट, वांगं-बटाटा, आठवड्याच्या बाजारातली रानभाजी खात होतो. ती संध्याकाळी आली की तिच्या कंपनीतल्या गमती सांगायची, सुपरवायझरची नक्कल करायची. मी हसायचो. एकदा ती म्हणाली, "तू हसतोस ते विसरलेच होते." त्या दिवसांत आमच्या घरात कुणी खोटं बोलत नव्हतं, कारण बोलायची गरजच नव्हती. पावसाळा संपूच नये असं खलाशाला वाटणं म्हणजे काय, ते आमच्या लोकांना सांगूनही कळणार नाही.

पण नारळी पुनव आली. बोटी रंगवल्या, पताका लागल्या. पूजेला मी जाणार नव्हतो. ती म्हणाली, "चल. लोक विचारतात." तिने नऊवारी नाही, पण हिरवी साडी नेसली, केसात अबोलीचा गजरा घातला. बंदरावर मी उजवा हात खिशात घालून मागे उभा राहिलो. तांडेलाने बोटीची पूजा केली. मग एकेक खलाशी चढला. डहाणूकडचा एक दांडगा गडी सगळ्यांच्या आधी चढला आणि सरळ नाळेवर जाऊन उभा राहिला. त्याला सांगावं लागलं नाही. म्हणजे तो तिथे नवा नव्हता.

तांडेल खाली आला, माझ्या डाव्या हातावर प्रसादाचं खोबरं ठेवलं. "हात कसा हाय?" त्याने विचारलं, पण विचारताना तो माझ्या पायांकडे बघत होता. मला त्याच्या तोंडात मारावीशी वाटली. मग दिसलं की त्याचे डोळे भरले आहेत, आणि माझा राग कुठे ठेवावा तेच मला कळेना. त्याला बोट चालवायची होती. नाळेवर दोन बोटांचा माणूस ठेवून बोट चालत नाही. हे मी त्याच्या जागी असतो तर केव्हाच केलं असतं.

बायको माझ्या शेजारी उभी होती. तिनेही सगळं पाहिलं होतं. ती एवढंच म्हणाली, "चला घरी."

मला वाटलं, आता संपलं. आता पिशवी येणार नाही. तिने पाहिलं, मी पाहिलं, तिने मला बघताना पाहिलं. आणखी काय उरलं? पण आठवड्याने, भांगात, ती कामावरून आली आणि हातात पिशवी. "तांडेलाने दिलंय," ती म्हणाली. तसंच, त्याच आवाजात. मी तिच्याकडे बघत राहिलो. ती माझ्याकडे बघत राहिली. मग मी म्हटलं, "बरं." ती आत गेली आणि भांडी जरा जास्तच आपटली.

गणपती झाले, नवरात्र झालं. नव्या इमारती उठत होत्या, खाडीच्या बाजूला भराव पडत होते. तिच्या कंपनीतल्या एका बाईचा नवरा तसल्याच एका इमारतीत लिफ्टवर होता. तिथे अजून एक माणूस हवा होता. तिने ते मला दोनदा सांगितलं. "नुसती बटणं दाबायची," ती म्हणाली. मी म्हटलं, "मी खलाशी आहे. बोटीवर बोलावणं आलं तर?" कुठलं बोलावणं, असं ती म्हणाली नाही. तिने म्हणायला हवं होतं, आणि मला ते हवंही होतं.

दिवाळी आठवड्यावर आली. कोजागिरीनंतरचा भांग. दिवसभर गल्लीत जाळी पसरलेली, पुरुष बसलेले. त्या दिवशी मी बऱ्याच महिन्यांनी खिडकी उघडली. का, ते सांगता येणार नाही. घरांच्या भिंती रंगवल्या होत्या, चुन्याचा वास येत होता, आणि मला वाटलं, बघू तरी. खाडीत आमची बोट बांधलेली दिसत होती. तिच्या नाळेवर एक बगळा बसला होता.

दिवेलागणीला ती आली. पिशवी ओट्यावर ठेवली. पदराने तोंड पुसलं. कंपनीत दिवाळीच्या आधीचं जास्तीचं काम होतं, बोटांना सुया टोचून टोचून काळे ठिपके पडले होते. एवढ्या गर्दीत ती बाजारात गेली असणार, उभी राहून घासाघीस केली असणार, मग बसच्या रांगेत उभी राहिली असणार. तिने पिशवीतून मांदेली काढली आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "तांडेलाने दिलंय."

माझ्या तोंडून निघालं, "उद्याही भांग आहे. उद्या काही आणू नकोस."

ती हलली नाही. पाठ माझ्याकडे. नळाची धार तशीच चालू. मला वाटलं, रडेल. मी तयार होतो, मनात वाक्यंही जुळवली होती, की तू माझ्यासाठी केलंस, मला राग नाही.

ती वळली. रडत नव्हती. भयंकर चिडली होती.

"मला माहीत आहे भांग आहे," ती म्हणाली.

मला काही समजेना.

"पहिल्यांदा नव्हतं माहीत. मांदेली साफ करून पाणी टाकायला बाहेर गेले, तर बय विचारते, भांगान कुठचा गो म्हावरा आणलास? म्हटलं, आता वाट लागली. तू जेवायला बसलास, घास हातात घेऊन थांबलास. मला वाटलं, आता विचारशील. तू म्हणालास, मस्त झालंय." तिने नळ बंद केला. "त्यानंतर मी मुद्दाम आणत होते. दर भांगात. कॅलेंडरवर बघून. म्हटलं, आज तरी विचारेल, कुठून आणलंस. आज तरी ओरडेल. पुनवेला तर सगळं डोळ्यांनी बघितलंस, तरी आठवड्याने 'बरं' म्हणालास. वर्ष होत आलं रे. तू मला एक खरं वाक्य बोलला नाहीस. मी कोणाशी बोलायचं ह्या गावात? माझं आहे कोण इथे?"

हे शेवटचं बोलताना तिचा आवाज फुटला. मी वर्षभर समजत होतो की त्या घरात एकटा मी आहे. ती दर्याकडे पाठ करून येते, दर्याकडे पाठ करून जाते, तिला काय कळणार, असं धरून चाललो होतो. ती कॅलेंडरवरची अष्टमी बघून बाजारात जात होती, मी बोलावं म्हणून. भांगात जाळं टाकून बसली होती माझी बायको.

मला माफी मागता आली नाही. ती कला माझ्यात नाही. मी एवढंच विचारलं, "त्या लिफ्टवाल्याची जागा भरली का?"

"माहीत नाही," ती म्हणाली. "विचारते." मग पुन्हा ओट्याकडे वळली आणि मांदेली साफ करायला लागली.

लिफ्टवर मी पुढे पुष्कळ वर्षं काढली. बटणं डाव्या हाताने दाबायची, बाकी काही नाही. बाराव्या मजल्यावर दार उघडलं की जिन्याच्या खिडकीतून दर्या दिसे. भांग की उधाण ते पाण्याच्या रंगावरून कळे, आणि घरी आल्यावर मी ते तिला सांगत असे. ती असेपर्यंत सांगितलं. पण हे सगळं नंतरचं.

त्या संध्याकाळी तिने ताटं वाढली. मी नेहमीप्रमाणे टॉवेल घेतला. ती समोर बसली, हात लांब केला आणि टॉवेल ओढून बाजूला ठेवला. मी खेकसलो नाही. वर्षभरात पहिल्यांदा तो हात दिव्याखाली आला. अंगठा आणि करंगळी, मध्ये चकचकीत गुलाबी कातडं. तिने तो नीट पाहिला. मग म्हणाली, "जेव."

मी उजव्या हाताने भात कालवला. घास धरेना. निम्मा ताटात सांडला, थोडा मांडीवर, कालवण मनगटापर्यंत ओघळलं. ती बघत होती. मी तिला बघू दिलं.